वडील सेवेत असताना गेले: कर्नाटकात अनुकंपा नोकरीसाठी अर्ज कोणी आणि कधी करायचा?

आधी प्रश्न थोडक्यात मांडतो. वडील बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात सरकारी मराठी प्राथमिक शाळेत शिक्षक होते. सेवेत असतानाच आठ महिन्यांपूर्वी वारले. घरी आई, वय बावन्न, शिक्षण सातवी. प्रश्न विचारणाऱ्या ताई थोरल्या, त्यांना महाराष्ट्रात, चंदगड तालुक्यात दिलंय. धाकटी बहीण बावीस वर्षांची, बी.कॉम. झालेली, आईजवळ राहते. सर्वांत लहान भाऊ चौदा वर्षांचा. चुलते म्हणतात, जागा मुलासाठी राखून ठेवा, अठराचा झाला की लागेल. ऑफिसात गेल्यावर "अर्ज कन्नडमध्ये आणा" एवढंच सांगितलं. आणि ओळखीतला एक जण काम करून देतो म्हणून पैसे मागतोय.

ताई, तुमच्या हातात चारच महिने आहेत. कर्नाटकात अनुकंपा नेमणुकीचा अर्ज मृत्यूच्या तारखेपासून एका वर्षाच्या आत द्यावा लागतो. भावासाठी थांबू नका. धाकट्या बहिणीचा अर्ज याच महिन्यात द्या.

मी बेळगावात सरकारी कार्यालयाच्या आस्थापना शाखेत उभी नोकरी काढली. अनुकंपेच्या फायली तयार करणं, त्रुटी काढणं, वर पाठवणं हेच काम होतं. आपल्या भागातल्या मराठी घरांचं नुकसान बहुतेक वेळा एकाच कारणानं होताना पाहिलं: सल्ला पलीकडच्या राज्याचा आणि फाईल अलीकडच्या राज्याची. निम्मे पाहुणे कोल्हापूर, गडहिंग्लज, चंदगडकडे. तिकडे महाराष्ट्र शासनाच्या नोकरीत कुणाचे वडील गेले, मुलगा सज्ञान झाल्यावर अर्ज केला, प्रतीक्षासूचीत नाव लागलं, काही वर्षांनी नोकरीही लागली. हे खरं असतं. महाराष्ट्राच्या धोरणात अज्ञान (अठरा वर्षांखालच्या) वारसाला सज्ञान झाल्यावर अर्ज करायची मुभा आहे. पण तुमचे वडील कर्नाटक सरकारचे नोकर होते. त्यांच्या कुटुंबाला लागतात ते 'कर्नाटक नागरी सेवा (अनुकंपा तत्त्वावर नेमणूक) नियम, १९९६' आणि त्यात वेळोवेळी झालेल्या दुरुस्त्या.

चुलत्यांचं बोलणंही अगदी हवेतलं नाही. कर्नाटकातही सुरुवातीला अज्ञान वारसाला सज्ञान झाल्यापासून वर्षभरात अर्ज करता येत असे. १ एप्रिल १९९९ पासूनच्या दुरुस्तीनं ती सोय आवळली गेली आणि मृत्यूपासूनच्या ठरावीक मुदतीतच अठरा पूर्ण व्हावीत असं झालं. जुन्या माणसांच्या डोक्यात आधीचा नियम पक्का बसला आहे, कारण त्यांनी त्या नियमानं लागलेली मुलं पाहिली आहेत. याच प्रश्नावर कर्नाटकातली प्रकरणं सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली. ४ मार्च २०२० च्या निकालात तीन न्यायमूर्तींच्या पीठानं सांगितलं की अर्जाचा विचार होताना जे नियम लागू असतील तेच लावायचे, आणि लहानपणी वडील गमावलेल्या त्या मुलांना नोकरी मिळाली नाही. तुमचा भाऊ चौदाचा. चार वर्षांनी तो अर्ज घेऊन गेला तर कारकून तारीख बघून अर्ज परत देईल, आणि तोवर बहिणीचीही मुदत गेलेली असेल.

नियमामागचा विचार समजून घेतला तर पुढच्या गोष्टी सोप्या जातात. अनुकंपा नोकरीवरच्या १९९४ च्या नागपाल प्रकरणातल्या निकालापासून सर्वोच्च न्यायालय एकच सांगत आलंय: ही नोकरी वारसाहक्क नाही. कमावता माणूस अचानक गेल्यावर घराची चूल विझू नये म्हणून नेहमीच्या भरतीला दिलेला हा अपवाद आहे, तोही खालच्या दोन गटांतल्या, म्हणजे 'क' आणि 'ड' मधल्या पदांपुरता. म्हणून 'राखून ठेवणं' हा शब्दच त्यात बसत नाही. चार वर्षं घर नोकरीवाचून चाललं, तर ती तातडी उरली नाही असंच न्यायालय धरतं.

आता घरातून कोणी अर्ज करायचा ते बघू. पहिला क्रम विधवा पत्नीचा. ती पात्र नसेल किंवा तिची इच्छा नसेल तर मुलांचा विचार होतो. आईनं स्वतः नोकरी घेतली तर सातवी शिक्षणावर गट 'ड' (शिपाई दर्जा) पलीकडे काही मिळणार नाही, आणि कर्नाटकात निवृत्तीचं वय साठ आहे, म्हणजे जेमतेम सात-आठ वर्षांची सेवा. बहीण पदवीधर आहे. एसडीए म्हणजे द्वितीय दर्जा सहायकाला पीयूसी म्हणजे बारावी लागते, एफडीए म्हणजे प्रथम दर्जा सहायकाला पदवी. दोन्ही गट 'क'. वडील शिक्षक होते म्हणून शिक्षकाचीच जागा मिळते असं नाही, कारकुनी बाजूची जागा मिळेल हे धरून चाला. आईचं कुटुंब निवृत्तिवेतन वेगळं, ते मुलगी नोकरीला लागली म्हणून बंद होत नाही. त्याची फाईल बेंगळूरला महालेखापालांकडे जाते. ती आणि अनुकंपेची फाईल एकत्र समजू नका, एक रखडली म्हणून दुसरी थांबवू नका.

तुम्ही स्वतः विचारलंय, "माझं लग्न झालंय, मला काहीच हक्क नाही का?" आहे, आणि ही लढाई आपल्याच जिल्ह्याशी जोडलेली आहे. कुडचीच्या कृषी उत्पन्न बाजार समितीत सचिव असलेले गृहस्थ सेवेत वारले. त्यांच्या विवाहित मुलीनं अर्ज केला, तो लग्न झाल्याच्या कारणावरून फेटाळला गेला. ती उच्च न्यायालयात गेली. १५ डिसेंबर २०२० रोजी न्या. एम. नागप्रसन्न यांनी नियमांतला 'अविवाहित' हा शब्दच घटनाबाह्य ठरवला. मुलाचं लग्न झालं तरी तो मुलगाच राहतो, मग मुलीचं लग्न झालं की ती कुटुंबाबाहेर कशी, हा त्या निकालाचा गाभा. पुढे २०२१ मध्ये नियमही बदलले आणि विवाहित मुलीला दार उघडलं.

पण दार उघडलं म्हणजे आत जागा मिळाली असं नव्हे. तुम्ही वडिलांवर अवलंबून होता का, हा प्रश्न राहतोच. तुम्ही चंदगडला संसार करता, रेशनकार्ड तिकडचं, आधारचा पत्ता तिकडचा. घरात दुसरी पात्र मुलगी, तीही आईजवळ राहणारी असताना तुमचा अर्ज टिकणं अवघड. कुणी सुचवलं की कागदोपत्री विभक्त व्हा, घटस्फोट दाखवा, तर त्या वाटेला जाऊ नका. मंड्याच्या कोषागारातलं एक प्रकरण सप्टेंबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं निकाली काढलं. तिथं नोकरीला असलेली आई गेल्यावर मुलीनं संमतीचा घटस्फोट घेतला आणि लगोलग अर्ज केला. न्यायालयानं तारखा ओळीनं मांडल्या आणि मुलगी हरली. तारखा लपत नाहीत.

म्हणून बहिणीचाच अर्ज. मला ठाऊक आहे, घरात यावर वाद होईल. "ती उद्या लग्न करून जाईल, नोकरी सासरी नेईल, मग पोराचं काय?" हे वाक्य मी ऑफिसच्या टेबलासमोर वडीलधाऱ्या माणसांच्या तोंडून ऐकलंय, मुलगी शेजारी मान खाली घालून उभी असताना. चुलत्यांना शांतपणे सांगा: आज अर्ज करू शकणारी ती एकटीच आहे. तिनं केला नाही तर नोकरी कुणालाच नाही. आणि ही नेमणूक कुटुंबासाठी असते, नेमणूक घेणाऱ्यानं बाकीच्या अवलंबितांचा सांभाळ करायचा असतो. तसं हमीपत्र फाईलला लावा. आईचं औषधपाणी आणि भावाचं शिक्षण त्यात स्पष्ट लिहा. लग्नानं ती जबाबदारी संपत नाही, हे तिच्या होणाऱ्या सासरलाही आधीच कळलेलं बरं.

कागदपत्रांकडे येतो, कारण फाईल परत येते ती बहुतेक याच जागी.

मृत्यूचा दाखला तुमच्याकडे असेलच. वडील कोल्हापूर किंवा मिरजेच्या दवाखान्यात गेले असतील तर दाखला महाराष्ट्राचा असतो. तो चालतो. मात्र फक्त मराठी दाखला कन्नड फाईलमध्ये अडतो, म्हणून इंग्रजी मजकूर असलेला घ्या आणि सोबत कन्नड भाषांतर नोटरीकडून साक्षांकित करून जोडा. नोंदच अजून झाली नसेल तर ते काम आधी. वर्ष उलटल्यावर मृत्यूची नोंद दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय होत नाही.

नाडकचेरीतून, म्हणजे तहसीलच्या हाताखालच्या महसुली कचेरीतून, वंशावळ आणि हयात सदस्यांचा दाखला काढावा लागतो. इथं एक चूक घरोघरी होते: लग्न झालेल्या मुलीचं नाव घालत नाहीत, "ती तर गेली" म्हणून. तुमचं नाव त्यात आलंच पाहिजे. सेवापुस्तकातल्या कुटुंब तपशिलात, नामनिर्देशनात वडिलांनी तुमचं नाव दिलेलं असणार. दाखल्यात तीन मुलांऐवजी दोन दिसली की छाननी करणारा तिथंच बोट ठेवतो. तुमचं आणि आईचं ना-हरकत प्रतिज्ञापत्र स्टॅम्पपेपरवर करा. भाऊ अज्ञान आहे, त्याची सही घेऊ नका. आई पालक म्हणून त्याच्या वतीनं सही करेल.

नावांचा घोळ हा आपल्या सीमाभागाचा खास आजार. सेवापुस्तक कन्नडमध्ये, शाळा सोडल्याचा दाखला मराठीत, आधार इंग्रजीत. एकाच माणसाचं नाव एका ठिकाणी 'यल्लाप्पा परशराम पाटील', दुसरीकडे 'पाटील यल्लप्पा परशुराम', तिसरीकडे आडनावाच्या जागी नुसतं आद्याक्षर. मुलीच्या दहावीच्या गुणपत्रिकेत वडिलांचं नाव चौथ्याच पद्धतीनं. अर्ज द्यायच्या आधी हे सगळे कागद घरी जमिनीवर ओळीनं मांडा आणि एकेक अक्षर ताडून बघा. सेवापुस्तकात ज्या पद्धतीनं नाव आहे तेच मूळ धरा, अर्जात तसंच लिहा, आणि बाकीची रूपं त्याच व्यक्तीची आहेत असं नोटरीसमोरचं प्रतिज्ञापत्र लावा. मुख्याध्यापकांचं पत्र सोबत असेल तर आणखी चांगलं. आधार दुरुस्त करत बसण्यात महिने घालवू नका. दुरुस्ती मागाहून होते, अर्जाची तारीख मागाहून येत नाही.

उत्पन्नाचा दाखला तहसील कचेरीचा लागतो, कारण घर खरोखर अडचणीत आहे का हे नियमात बघितलं जातं. शेती असेल तर उताऱ्यावर दिसतेच. ती लपवून दाखला काढायला कुणी सांगेल. तसं करू नका. खोट्या दाखल्यावर मिळालेली नोकरी पुढे केव्हाही चौकशीत सापडते आणि तेव्हा वय निघून गेलेलं असतं. दीड-दोन एकर भातशेती, घरावरचं सोसायटीचं कर्ज, भावाचं शिक्षण, हे जसं आहे तसं लिहा. खरी अडचण नीट लिहिली की तीच पुरते.

बहिणीनं पदवी बेळगावातून घेतली असेल तर प्रश्न नाही. शिवाजी विद्यापीठाची असेल तरी चालते, फक्त कार्यालय पडताळणीसाठी कोल्हापूरला पत्र लिहितं आणि उत्तराला वेळ लागतो. त्या पत्राचा जावक क्रमांक मागून घ्या आणि विद्यापीठात कुणी जाऊन पाठपुरावा करू शकत असेल तर करा.

अर्ज कुठं द्यायचा? मुख्याध्यापकांमार्फत बीईओ म्हणजे गटशिक्षणाधिकाऱ्यांचं ऑफिस आणि तिथून डीडीपीआय म्हणजे शैक्षणिक जिल्ह्याच्या उपसंचालकांचं ऑफिस. खानापूर तालुका बेळगाव शैक्षणिक जिल्ह्यात येतो. निपाणी, अथणीकडच्या वाचकांनी लक्षात ठेवा, तुमचं चिकोडी शैक्षणिक जिल्ह्यात. बीईओ ऑफिसला मूळ अर्ज द्या आणि एक प्रत डीडीपीआय ऑफिसच्या टपालातही टाका. दोन्हीकडे पोच घ्या. आवक क्रमांक, तारीख, शिक्का. "साहेब नाहीत, उद्या या" म्हणाले तर त्याच दिवशी स्पीड पोस्टनं पोचपावतीसह पाठवा. एखादा कागद कमी असला तरी मुदतीत अर्ज द्या आणि 'अमुक कागद मागाहून सादर करत आहे' असं अर्जातच लिहा. अपुरा पण वेळेवरचा अर्ज सुधारता येतो.

आता भाषा. हा विषय आपल्या मनाला लागतो, मलाही लागतो. घटनेच्या अनुच्छेद ३५० प्रमाणे गाऱ्हाण्याचं निवेदन केंद्रात किंवा राज्यात वापरल्या जाणाऱ्या कोणत्याही भाषेत देण्याचा हक्क प्रत्येकाला आहे. तो हक्क सोडा असं मी कुणालाच सांगणार नाही, त्यासाठी सनदशीर मार्गानं जरूर झगडावं. पण तुमच्या बहिणीच्या फाईलवर तो झगडा नको. राज्याच्या कचेरीत फाईलवरची टिपणी कन्नडमध्ये लिहिली जाते. मराठी अर्ज गेला की आधी भाषांतर, मग टिपणी, आणि तुमचे चार महिने तिथंच संपायचे. अर्ज कन्नडमध्येच द्या. शाळेतले कन्नडचे शिक्षक मायेनं लिहून देतील, वडील त्यांचे सहकारी होते. मात्र आईला आणि बहिणीला तो ओळ न् ओळ मराठीत वाचून दाखवायला सांगा आणि मगच सही करा. मराठी प्रत घरी ठेवा.

नोकरी लागल्यावर कन्नड लागणारच. सरकारी नोकरांसाठी कन्नड भाषा परीक्षा आहे आणि संगणक साक्षरता परीक्षाही आहे. बहिणीच्या दहावीत कन्नड कितवी भाषा होती ते गुणपत्रिकेवर बघा आणि सूट लागू होते का ते आस्थापनेत विचारा. बोलता येत असेल आणि लिहिता येत नसेल, तर आजपासून रोज पानभर कन्नड लिहायला बसवा. मराठी घरातल्या मुली वर्षभरात टिपणी लिहायला शिकलेल्या मी पाहिल्या आहेत. त्यांनी शाखा सांभाळल्या.

जागा देताना कधी कधी "सध्या 'ड' ची आहे, घेऊन टाका, पुढे बघू" असं म्हणतात. इथं सावध राहा. अनुकंपेचा हक्क एकदाच वापरता येतो. एकदा रुजू झालं की नंतर 'मी पदवीधर आहे, मला कारकुनाची जागा द्या' ही मागणी टिकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं १९९४ मध्येच सांगितलंय. म्हणून पहिल्याच अर्जात पदवीचा उल्लेख करून गट 'क' मागा. त्या कार्यालयात जागा रिकामी नसेल तर दुसऱ्या कार्यालयातल्या रिक्त जागेवर विचार व्हावा, असंही लिहा. जिल्ह्याबाहेर जायची तयारी असेल तर तेही. घर अगदीच अडचणीत असेल आणि 'ड' घ्यायची वेळ आली तर घ्या, पण पुढची वाट मग बढतीचीच, हे समजून घ्या.

पैसे मागणाऱ्याला एक रुपयाही देऊ नका. ही नेमणूक कागद आणि तारखांवर होते. मधला माणूस फार तर फाईल कुठं आहे ते सांगेल, आणि ते तुम्हाला दहा रुपयांत माहिती अधिकारातून कळतं. कर्नाटकात त्या अर्जाला बंधन आहे: एकच विषय आणि दीडशे शब्दांच्या आत. 'अमुक तारखेच्या अर्जावर आजवर झालेल्या टिपणीच्या प्रती द्याव्यात' एवढं पुरे. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. कचेरीतलाच कुणी मागत असेल तर लोकायुक्तांकडे तक्रार करा.

इतर वाचकांसाठी थोडं. हे नियम राज्य सरकारच्या नियमित नोकरांच्या कुटुंबांसाठी आहेत. रोजंदारी, कंत्राटी नेमणुकांना ते लागत नाहीत. वायव्य कर्नाटक परिवहन, वीज कंपनी हेस्कॉम यांची नियमावली स्वतःची. अनुदानित शाळांचंही वेगळं, तिथं शिक्षण खात्यात विचारा. पोस्ट किंवा मराठा लाइट इन्फंट्री केंद्रातले मुलकी कर्मचारी केंद्राच्या योजनेत येतात. तिथं थेट भरतीच्या पाच टक्क्यांची मर्यादा असते आणि गुण देऊन तुलना होते, त्यामुळे स्पर्धा जास्त. अविवाहित कर्मचारी गेला तर अविवाहित भावाचा विचार कर्नाटकात २०१२ च्या दुरुस्तीपासून होतो. त्याआधीच्या मृत्यूंना ती सवलत लागत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०२१ चा निकाल आहे.

ताई, अर्ज फेटाळला गेलाच, तर कारण लेखी मागा. तोंडी 'होत नाही' याला किंमत नाही. राज्य सरकारच्या नोकरीविषयक तक्रारी कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जातात आणि त्याचं खंडपीठ बेळगावातच आहे, बेंगळूरला जायला नको. आदेशापासून एका वर्षात तिथं जावं लागतं. त्यापुढे धारवाडचं उच्च न्यायालय पीठ. वकिलाच्या फीची चिंता असेल तर जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या विधी सेवा प्राधिकरणात बहिणीनं अर्ज द्यावा. स्त्रियांना तिथं उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.